महाहुतात्म्याचा फ्लेक्स

मे महिन्याच्या उन्हात वणीला निघालोय म्हटल्यावर पुण्यातल्या घरी माझ्या डोक्याची तपासणी सुचवण्यात आली. पण थॉमसकाकांचं बोलावणं मोडवेना. केरळातून कोळशाच्या खाणीत नोकरीला आलेले हे माझ्या वडिलांचे जुने सहकारी आता निवृत्त आहेत. त्यांच्या चर्चमध्ये संत जॉर्जचा पेरुन्नाळ (संताचा वार्षिक सण) होता.

एसटीतून उतरलो तर काका डोक्याला दुपट्टा बांधून उभे. "बरं झालं आला. आमची पंधरा घरं राह्यली आता. गावातलं कोनी आलं नाही तर पुढच्या साली पेरुन्नाळ बंद, असं ठरलं. म्हून मराठीत फ्लेक्स लावून राह्यलो. तू लिही."

पूर्वेकडच्या चर्चमध्ये सैनिक संतांना खास बिरुदं असतात: कुणी सेनापती, कुणी विजयी वीर. जॉर्जला काकांची माणसं 'सहदा' (हुतात्मा) म्हणतात. मला चेव आला. रसवंतीत बसून लिहिलं: 'महाहुतात्मा, विजयी वीर, सैनिक संत जॉर्ज यांच्या स्मरणार्थ प्रार्थना व जेवण.'

फ्लेक्सवाल्याने 'सैनिक' आणि 'हुतात्मा' वाचून शहीद जवानांसाठीची नेहमीची चौकट काढली: वर तिरंगा, खाली ज्योत, मध्ये 'अमर रहे'. आम्ही दिलेल्या चित्रातला घोडा कापून संताचं नुसतं तोंड गोलात बसवलं. जागा पुरेना म्हणून 'संत' तेवढा गाळला. आम्हाला कळलं तेव्हा फ्लेक्स चौकात लागलेला होता.

सणाच्या दिवशी दहा वाजल्यापासून चर्चमध्ये माणसं येऊ लागली. हातात हार, चेहरे पडलेले. एका बाईंनी मला मयताचा भाऊ समजून माझ्या पाठीवरून हात फिरवला. मी घाबरून काकांना म्हटलं, "खरं सांगून टाका."

"जेवल्यावर सांगू ना," काका म्हणाले. त्यांना आनंद लपवता येत नव्हता.

तेवढ्यात मारोतराव नावाच्या शेतकऱ्याने विचारलं, "कोनत्या गावचा होता पोरगा?"

आता काकांना खोटं बोलवेना. "लय जुनी गोष्ट हाय, भाऊ. हजार वर्सांच्या वर झाले. आपल्या देशातला नव्हता."

मी मागचं दार कुठे आहे ते बघून ठेवलं.

"मंग हार काय वापस नेऊ?" म्हणत मारोतरावांनी तो संताच्या तसबिरीला घातला. मग सगळेच पुढे सरकले. कोंबडीचा रस्सा कमी पडला, दोनदा भात लावावा लागला. पेरुन्नाळ बंद करायची भाषा मग कुणी काढली नाही.

निघताना मारोतराव काकांजवळ थांबले. "माहा पोरगा सीमेवर हाय. त्याचं नाव घेता का प्रार्थनेत?"

"घेतो ना. नावाआधी काय लावू? नाईक का हवालदार?"

"काही नोका लावू. गणेश म्हना फक्त."

काकांनी मल्याळममध्ये संताची सगळी बिरुदं म्हटली आणि शेवटी नुसतं 'गणेश'. मारोतराव टोपी हातात घेऊन उभे होते.

परतीच्या बसमध्ये मारेगाव मागे पडलं तरी मी जॉर्जच्या आईचा विचार करत होतो. तिने त्याला महाहुतात्मा कधीच म्हटलं नसणार. तिला तो घरी परत हवा होता.