काचेवरच्या रामाची पाठवणी

ठाण्याच्या मिठागरावर राबणारी आणि गावात लग्न निघालं की मांडवात विधीचे धवले गाणारी एक बाई होती. ठाण्यात खेळ असताना मी तिच्याच ओटीवर राहत होतो. तिनं सांभाळलं नसतं, तर आज कल्याणात मी पेटी वाजवत नसतो. हे आधी लिहितो. झालं काय, ते मग.

शाळा अर्धवट सोडून मी रत्नागिरीकडून आलेलो. कल्याणच्या एका मालकांचा कंदिलाचा खेळ होता. काचांवर रंगवलेली चित्रं मागून उजेड टाकून ओल्या पडद्यावर मोठी करायची, आणि पडद्यापुढं बसून मी त्यांना गाणी द्यायची. चाली माझ्या, गळाही माझाच. पण रामाची काच आली की घोटाळा व्हायचा. लोक उठून आरती म्हणू लागत. एक आरती काच सोसायची. दुसरीला दिव्याच्या धगीनं रंग सुटायचा, आणि लोक हात जोडून उभे असताना देवाला काढायचं कसं? पुढचं चित्र यावं म्हणून मी आवाज चढवायचो, तर लोकांना वाटे, गवईबुवाच दुसरी आरती धरतायत! एका रामाचा मुकुट असाच गेला.

"ठाण्याला पुन्हा असं झालं, तर रत्नागिरीची आगबोट धरा," मालक म्हणाले.

घरी काय तोंड दाखवणार? खेळाच्या दिवशी दुपारी ताट तसंच पुढं ठेवून बसलो.

"काय रं, जेवत का नाय? मिठागरवालीच्या घरात मीठ कमी पडलं का?" बाईनं विचारलं.

मी सगळं सांगितलं. ती हसत सुटली.

"आरं, नवरी मांडवातनं आपली आपन उठते का? तिला उठवाचं गानं असतं. तुमी देवाला बोलावलंत, त्याला वाटेला लावनारं गानं कुटं हाय?"

तिनं पाठवणीच्या धवल्याची चाल गुणगुणली. मी पेटीवर धरली, राम वनाला निघाल्याचे शब्द घातले.

"घाई नको करू. पाव्हना हाय तो."

दिवेलागणीनंतर खेळ सुरू झाला. राम आला, लोक उठले, आरती झाली. आता माझी पाळी, आणि माझा गळाच सुकला. तेवढ्यात बायकांच्या घोळक्यातून तिचा आवाज उठला. चाल ओळखीची, बाकीच्या बायकांनीही धरली. मग मला कंठ फुटला. लोक हात जोडून हळूहळू खाली बसले. राम सरकत पडद्याबाहेर गेला, तशी कुणी कुणी पदरानं डोळे टिपले.

मालक रामाची काच घेऊन पडद्यामागून बाहेर आले, रंग शाबूत आहे ना ते निरखलं आणि एवढंच म्हणाले, "पेटी गाडीत चढवा. उद्या भिवंडी."

पुढं गावोगाव ती चाल मी गायलो. शाबासकी मला मिळाली. कुणी विचारलं तर मी सांगतो, चाल ठाण्याच्या बाईची.

निघताना मी तिला विचारलं होतं, "राम कसा दिसला?"

"मी कुटं बगितला? माजा जीव तुज्यात!"

माझा स्वतःचा कंदील झाला, की पहिला पडदा तिच्या अंगणात लावीन. तिला पुढं बसवीन, आणि तिचं बघून होईपर्यंत रामाला हलू देणार नाही. रंग गेला तर गेला.