शेवटचा हात

आमच्या गल्लीत सकाळी दारापुढे झाडताना झाडू शेजारणीच्या हद्दीत वीतभर न्यायचा, असा रिवाज आहे. अजिबात नेला नाही तर बाई तुसडी. हातभर नेला तर ‘तुमच्याकडे झाडायला कोणी नाही वाटतं’ असा टोमणा. क्योतोत जन्मलेल्या बाईच्या मनगटातच ती वीत असते. तोकुको इनागाकीच्या मनगटातही आहे, फक्त शेजारच्या कुझेबाईंच्या फाटकाशी आली की तिचा झाडू हद्दीवर टक्कन थांबतो आणि पानांचा एक छोटासा बांध तिथे उभा राहतो. तिचं लग्न झालं, नवरा गेला, गुडघे कुरकुरायला लागले, पण बांध रोजच्या रोज. मी समोर लोणच्याच्या दुकानात बसून बघते. मला दुसरं काम काय, मुळे आपले आपण मुरतात.

वैर फुलांवरून. दोघी एकाच गुरुजींकडे इकेबाना, म्हणजे फुलं मांडायची कला, शिकायच्या. तोकुको तेव्हा नवखी, बादल्या विसळणारी. कुझेबाई वरच्या वर्गातल्या, नवख्यांच्या मांडणीवरून हात फिरवणाऱ्या. आमच्याकडे मांडणी झाली की शिष्येने वाकून म्हणायचं, ‘दुरुस्ती करा.’ मोठ्या माणसाने फांदी हलवायची, नाहीतर सगळं उपटून नव्याने खोचायचं. मग शिष्येने पुन्हा वाकायचं, ‘दुरुस्तीबद्दल आभारी आहे.’ आणि ज्याचा हात शेवटचा, त्याची मांडणी. असा त्या घराण्याचा नियम.

एका शरदातल्या प्रदर्शनात तोकुकोने एक फाटकं, वाळकं कमळपान आणि त्याच्या पायाशी एक शेंग एवढंच मांडलं होतं. मी पाहिलंय. मला फुलांतलं कळत नाही, पण ते पान बघून मला माझी मेलेली आत्या आठवली होती. कुझेबाई आल्या, त्यांनी पान बोटभर फिरवलं. तोकुको सवयीने कमरेत वाकली आणि म्हणाली, ‘दुरुस्तीबद्दल आभारी आहे.’

झालं! थोरले गुरुजी त्या पानापुढे बसले ते उठेचनात. ‘कोणाचं?’ त्यांनी विचारलं.

‘शेवटचा हात माझा,’ कुझेबाई म्हणाल्या.

शिकवायला परवानगी देणारी लाकडी पाटी त्यांच्या फाटकावर लागली. तोकुको कोणत्या तोंडाने भांडणार? आभार तिनेच मानले होते, तेही चांगले खणखणीत आवाजात. आपल्या घरावर दरोडा पडावा आणि जाताना आपणच चोराला वाकून ‘सांभाळून जा हं’ म्हणावं, तसं ते झालं.

पाटी नाही म्हणजे कायमच्या शिष्या ठेवता येत नाहीत. म्हणून तोकुको वाटसरूंना शिकवते. फिरायला आलेल्या बायका देवळं बघून दमल्या की तिच्याकडे दुपारी बसतात, एक मांडणी करतात, फोटो काढतात आणि गाडी पकडतात. ती जीव लावून शिकवते. कात्री कशी धरायची, देठ पाण्याखाली तिरका कसा कापायचा, काट्यांच्या चकतीवर आधी सरळ रोवून मग हळूच कसा कलवायचा. ‘गावभरच्या बायका माझ्या हाताखालून जातात,’ ती म्हणते, ‘नाव मात्र एकीचंही माझ्या दारावर नाही.’

गेल्या शरदात तिच्याकडे नुकागा नावाची बाई आली. उत्तरेच्या बंदरावरची, खेकडे उकडून विकणारी. होड्यांवरच्या माणसांना हाका मारून मारून आवाज असा झालेला, की तिने नमस्कार केला तरी आमच्या बरण्यांची झाकणं थरथरायची. फुलाला तिने जन्मात हात लावला नव्हता.

मी चहाला गेले होते. बघते तर नुकागाने शेवंतीचे सगळे देठ एकाच उंचीवर कापले होते आणि कवायतीला उभे केल्यासारखे रांगेत रोवले होते. वर पाइनची एक जाडजूड फांदी आडवी, वल्ह्यासारखी. मधोमध लाल फळांची डहाळी, नाकावर फोड यावा तशी.

‘बाई, बरं झालंय का?’ तिने विचारलं.

एरवी तोकुकोने हसत हसत निम्मं उपटलं असतं. पण त्या दिवशी ती मांडणीकडे बराच वेळ बघत राहिली. मग तिच्या चेहऱ्यावर जे हसू आलं, ते मला आवडलं नाही. म्हणजे फार आवडलं.

‘फारच जोरदार,’ ती म्हणाली. ‘उद्या देवळात आमचं प्रदर्शन आहे. नवख्यांसाठी एक जागा असते. ठेवाल का?’

‘मी? अगं बाई! गाडीचं तिकीट बदलते की!’

‘एकच गोष्ट लक्षात ठेवा. तुमच्या फुलांना कोणा मोठ्या बाईंनी हात लावला, की लगेच पुढे व्हायचं, वाकायचं आणि म्हणायचं, दुरुस्तीबद्दल आभारी आहे. मोठ्याने.’

‘मोठ्याने म्हणजे किती?’

‘होडीवर ऐकू जाईल इतकं.’

ती गेल्यावर मी म्हटलं, ‘तोकुको, पाहुणी आहे गं ती. बिचारीचं हसं होईल.’

‘हसं तिचं नाही होणार.’

‘आणि कुझेबाईंनी हातच नाही लावला तर?’

‘हात्सुए, तुझ्या दुकानात पाय ठेवल्यावर तू दिलेल्या बरणीचं झाकण त्या पुन्हा घट्ट करतात की नाही?’

करतात. दर वेळी. मी चहा संपवला.

दुसऱ्या दिवशी देवळाच्या दिवाणखान्यात तोकुकोने नुकागाची फुलं नवख्यांच्या जागेवर ठेवली. ती जागा नेमकी कुझेबाईंच्या मांडणीशेजारची. तिने भांडं किंचित फिरवलं, एवढंच. पाइनचं वल्हं थेट कुझेबाईंच्या नाजूक गवतात घुसलं.

कुझेबाई आल्या, राखी किमोनो, मान बगळ्यासारखी. नवे गुरुजी, थोरल्यांचे चिरंजीव, दारात चपला काढत होते. बाईंनी त्या फांदीकडे पाहिलं. इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. बोटं वळवळली. मग बाहीतून हात आला आणि फांदी हळूच मागे सरली.

‘दुरुस्तीबद्दल आभारी आहे!’

नुकागा पडद्याआडून अशी निघाली की दोन म्हाताऱ्या खाली बसल्या. गुरुजींची एक चप्पल हातातच राहिली. कुझेबाई कसनुसं हसल्या. ‘असू दे, असू दे,’ म्हणाल्या.

गुरुजी एकेका मांडणीपुढे बसत, वाकत, बघत, पुन्हा वाकत त्या शेवंतीच्या कवायतीपाशी आले. त्यांचं वाकणं अर्ध्यावरच थांबलं.

‘हे... कोणाचं?’

‘शेवटचा हात कुझेबाईंचा, गुरुजी,’ तोकुको म्हणाली. साखर घातलेला आवाज.

‘अहो, भलतंच काय!’ कुझेबाई म्हणाल्या. ‘शेजारी नाव लिहिलंय ना, नुकागा म्हणून.’

‘नावाचं काय! दुरुस्ती तुम्ही केलीत. आभारही मानले गेले. कोणी ऐकलं नाही का?’

‘मी ऐकलं,’ इसोगाई आजी म्हणाल्या. या दोघींच्याही आधीच्या शिष्या, कानाने अधू. ‘मला ऐकू आलं म्हणजे गावाला आलं.’

कुझेबाईंच्या मानेवर लाल चट्टे उठले. सगळा दिवाणखाना त्या वल्ह्याकडे आणि मग त्यांच्याकडे बघत होता. त्यांचा तोल सुटला.

‘एक फांदी सरकवली मी! एक! फांदी सरकवली म्हणून काय अख्खी मांडणी माझी होते?’

‘होत नाही?’

‘मुळीच होत नाही!’

‘जरा मोठ्याने सांगा,’ तोकुको म्हणाली. आता आवाजात साखर नव्हती. ‘आजींना ऐकू आलं नसेल.’

तेव्हा कुझेबाईंना कळलं, आपण कुठे येऊन उभ्या राहिलो ते. नियम धरावा तर गुरुजींसमोर तो लाल फोड आपल्या नावावर. सोडावा तर कमळाचं पान हातचं जाणार.

गुरुजी गोंधळले. ‘काय झालंय काय?’

‘तुमच्या वडिलांच्या वेळी एक वाळकं पान होतं,’ इसोगाई आजी म्हणाल्या. ‘ते बघून ते रडले होते. कुझेलाच विचारा, ते कोणी मांडलं होतं.’

मी अशी शांतता फक्त मुळ्यांच्या पिंपात ऐकली आहे.

‘पान मी फिरवलं होतं,’ कुझेबाई पुटपुटल्या. ‘बोटभर.’

‘आणि मांडलं?’ तोकुकोने विचारलं.

‘इनागाकीने.’

‘कोणी?’

‘तू मांडलंस! तू!’

तोकुकोने मान हलवली, भाजीवाल्याने अखेर बरोबर वजन केल्यावर हलवावी तशी. डोळ्यांत पाणी वगैरे काही नाही. मी नीट बघत होते.

बाहेर आल्यावर नुकागाने तिला पायरीवर अडवलं. ‘बाई, खरं सांगा. माझी फुलं वाईट होती?’

मी मनात म्हटलं, आता आली का पंचाईत.

‘भयंकर,’ तोकुको म्हणाली.

‘मग आधी सांगायचं ना!’ नुकागा ओरडली. ‘मी अजून वाईट केली असती!’ आणि तिथेच बसून देठ पाण्याखाली कसा कापायचा ते पहिल्यापासून शिकवा म्हणाली. आदल्या दिवशीचं देणं लागत असल्यासारखं तोकुकोने शिकवलंही. नुकागाची संध्याकाळची गाडी चुकली.

गुरुजींनी तोकुकोला पाटी देऊ केली. मला वाटलं, ही आता मोठेपणाने नको म्हणेल. छे! दोन्ही हातांनी घेतली. सुतार बोलावला, शिडी मागवली, आणि कुझेबाईंना फाटकाबाहेर पडल्या पडल्या पहिलं तेच दिसेल अशा उंचीवर ती ठोकून घेतली. सुताराने दोनदा विचारलं, ‘इतकी खाली?’ ती म्हणाली, ‘शेजारच्यांची मान हल्ली वर होत नाही.’

कुझेबाई एकदा खोकं घेऊन आल्या होत्या, चांगल्या दुकानातली मिठाई. ‘तेव्हा लहान होते गं मी,’ म्हणाल्या. ‘मी तुमच्याहून लहान होते,’ तोकुको म्हणाली आणि खोकं ठेवून घेतलं. त्यातली अर्धी मिठाई मी खाल्ली. ताजी होती.

या वसंतातल्या प्रदर्शनात तोकुकोने तिच्या वाटसरू बायकांची बरीच फुलं मांडली. कुझेबाई दोन्ही हात बाह्यांत खोल खुपसून फिरत होत्या. हल्ली त्या स्वतःच्या शिष्यांच्या फुलांनाही हात लावत नाहीत. शिष्या ‘दुरुस्ती करा’ म्हणून वाकून थांबतात आणि बाई नुसत्या घाम पुसतात. एका वाकड्या नर्गिसापुढे त्या थांबल्या. बाहीच्या आत बोटं चाललेली मला दिसली.

‘काही सुचवायचंय का?’ तोकुको मागून म्हणाली.

‘छे, छे. फारच... जिवंत आहे.’

‘मग नमस्कार करा ना.’

फुलं बघण्याआधी वाकायचं, हा आमचा शिरस्ता, तिथे नाही कसं म्हणणार? कुझेबाई वाकल्या. तोकुको त्यांच्या पांढऱ्या मानेकडे बघत उभी राहिली, आणि ती मान पुरती वर यायच्या आत तिने अदबीने पुढची जागा दाखवली.

‘इकडची राहिलीत,’ ती म्हणाली. ‘सावकाश. बरीच आहेत.’