एका किल्ल्याचे दोन इतिहास

आमच्या वारज्याच्या सोसायटीतल्या इतिहासकारांइतका गोंधळलेला विद्वान अख्ख्या पुण्यात सापडणार नाही, आणि पुण्यात विद्वानांना तोटा आहे असं कुणी म्हणणार नाही. दोन पुरावे जुळल्याशिवाय सर कशावरच विश्वास ठेवत नसत. मंडईत मेथीचा भाव विचारला की पुढच्या गाळ्यावर तो पडताळून पाहायचा, आणि जुळला नाही की रिकामी पिशवी घेऊन घरी. "दोन साक्षी, दोन तऱ्हा! घेऊ कशी?" सर विचारत, आणि त्यांच्या पत्नी, आमच्या काकू, कपाळाला हात लावत.

अशा माणसाच्या हातून घोळ व्हावा, तोही केवढा! तरुणपणी त्यांनी देशाचा इतिहास लिहिला, फारसी कागदांवरून. त्यात आपल्याकडच्या एका किल्ल्याने न लढताच दार उघडलं. पुढे महाराष्ट्राचा इतिहास लिहिला, मराठी पत्रांवरून. त्यात तोच किल्ला महिनाभर झुंजला. एका वाचकाने विचारलं, यातलं खरं काय? तर यांनी वर्तमानपत्रात पत्र धाडून स्वतःचीच हजेरी घेतली: "पहिल्या पुस्तकाचा लेखक घाईत होता." आठवड्याने दुसरं पत्र: "दुसऱ्या पुस्तकाचा लेखक भावनेच्या भरात वाहवत गेला." एकाच नावाचे दोन गृहस्थ भांडताहेत असं लोकांना वाटलं. मलाही वाटलं, खोटं कशाला बोलू!

निकाल लावायला सरांनी तिसरं पुस्तक काढलं आणि नेमका डोळ्यांनी दगा दिला. मी हिंजवडीला कंपनीत, घरी नवाकोरा कॉम्प्युटर. दर रविवारी ते सांगत, मी टाइप करी. "अहो संगणकवाले, लिहा, किल्ला लढला." तासाभराने, "खोडा. नाही लढला." माझं डोकं पार गरगरायचं. चहा देताना काकू हळूच म्हणायच्या, "नजर आहे तोवर एवढं होऊ दे हो. नाहीतर ह्यांच्या जिवाला चैन पडायची नाही."

एका रविवारी सर म्हणाले, "लिहा. त्या दिवशी किल्ल्यावर काय घडलं, ते मला शेवटपर्यंत कळलं नाही."

माझे हात थबकले. "सर, असंच छापायचं?"

"असंच. इतक्या वर्षांत हे एकच वाक्य मला खोडावंसं वाटत नाहीये."

पुस्तक निघालं तोवर त्यांना अक्षर दिसेनासं झालं होतं. पानावरून तळवा फिरवत त्यांनी विचारलं, "कुठे आहे ते?" मी त्यांचं बोट धरून त्या ओळीवर ठेवलं. ते हसले, आणि बोट कितीतरी वेळ तिथून उचललं नाही. मला फार वाईट वाटलं, आणि खरं सांगतो, थोडा हेवाही वाटला: न खोडावंसं वाटणारं एक वाक्य त्यांच्याजवळ होतं.