दुसऱ्या दिवशीचं पुरळ

ग्रोनिंगन शहराच्या उत्तरेला, समुद्राच्या बांधाला लागून असलेल्या आमच्या पाच-सहा गावांत मेन्ना वीर्समाला आडनावाने कुणी ओळखत नसे. सगळे तिला ‘काही-नाही मेन्ना’ म्हणत, आणि ते कौतुकानेच. बाळंतिणीच्या घरी आठ दिवस राबायला जाणारी बाई ती. सकाळी आठला सायकल भिंतीला टेकवायची आणि आत शिरल्या शिरल्या पलंग ठोकळ्यांवर चढवलाय की नाही ते बघायची. चढवलेला नसेल तर बाळाच्या बापाची खैर नसे, कारण दिवसातून तीसदा वाकायला लावणारा पलंग तिची कंबर कधीच मोडून बसला असता. मग बाळाचा ताप, वजन, आईचे टाके, संडास घासणं, आणि पाहुणे आले की टोस्टवर लोणी फासून त्यावर बडीशेपेच्या रंगीत गोळ्या पेरून देणं. मुलगी असेल तर गुलाबी, मुलगा असेल तर निळ्या.

आणि दुसऱ्या नाहीतर तिसऱ्या दिवशी, ठरल्यासारखा, बाप धडधडत जिना उतरून यायचा. बाळाच्या अंगावर काहीतरी उठलंय.

मेन्ना हात पुसत वर जायची. पोटावर, पाठीवर लाल चट्टे, प्रत्येकाच्या मधोमध पिवळट ठिपका, पिसवांनी पंगत उठवल्यासारखं सगळं अंग. निम्म्या बाळांना येतं ते. सकाळी मांडीवर असतं, दुपारी खांद्यावर सरकतं आणि आठवड्याभरात कुठे गेलं ते कळतही नाही. मेन्ना बोटाने दाबून बघायची, बाळाला छातीवर घ्यायची आणि म्हणायची, “काही नाही. आपोआप जाईल.” नाकावर पांढरे दाणे आले तरी तेच. एका बापाने मलम आणण्याचा हट्ट धरला, तर त्याला म्हणाली की मलमाचे पैसे वाचव आणि ब्लेड घे, लेकराच्या गालाला तुझी दाढी टोचतेय. सव्वीस वर्षं तिने हेच सांगितलं, आणि सव्वीस वर्षं ते खरं ठरलं. माणसाचं नुकसान असंच होतं. नेहमी खरं ठरणारं वाक्य हळूहळू न बघताच तोंडातून यायला लागतं.

रूलिन आणि हार्म यांची पहिली मुलगी वेम्के एका मार्च महिन्यात झाली. रूलिन तेव्हा चोवीस वर्षांची, शाळेत चित्रकला शिकवणारी, आणि हार्म बटाट्याच्या गोदामात कामाला. दुसऱ्या दिवशी वेम्केला पुरळ आलं. मेन्नाने नीट पाहिलं, दाबलं, ताप घेतला, आणि काही नाही म्हणाली. ते खरंच काही नव्हतं.

त्याच दुपारी बाळ बघायला पाहुणे आले. वरच्या खोलीत रूलिनच्या पलंगासमोर खुर्च्या गोल मांडल्या होत्या, आणि बाळ एका मांडीवरून दुसऱ्या मांडीवर असं फिरत होतं. मेन्ना टोस्टचं ताट घेऊन त्या गोलात फिरत होती. हार्मची आत्या इम्का, जिने हार्मला आईच्या मागे वाढवलं, तिच्या मांडीवर वेम्के आली तेव्हा मेन्ना तिच्यासमोर वाकलेली होती. इम्का आत्याच्या ओठाच्या कोपऱ्यात खपली होती. बारीक फोड येऊन नुकते फुटलेले, त्यावर पिवळी साय धरलेली. असा ओठ बाळापासून लांब ठेवायचा हे मेन्नाला पहिल्या वर्षी शिकवलं होतं, आणि कुठलीही बाई तिला अर्ध्या झोपेतून उठवून विचारती तरी तिने ते सांगितलं असतं. पण गोलात अकरा माणसं होती. आत्या चौऱ्याहत्तरची, नवा ब्लाऊज घालून आलेली, डोळ्यांत पाणी. दुसऱ्याच्या घरात, दुसऱ्याच्या पाहुणीला, भरल्या बैठकीत, तुझं तोंड खराब आहे असं कसं म्हणायचं? आमच्याकडे माणूस बुडत असेल तरी त्याची टोपी वाकडी झाल्याचं कुणी सांगणार नाही. मेन्नाने ताट पुढे केलं. आत्याने एक टोस्ट उचलला, तो बशीत ठेवला, आणि खाली वाकून बाळाच्या कपाळाजवळ, डोळ्याच्या बाजूला, ओठ टेकले.

आठव्या दिवशी, मेन्नाच्या शेवटच्या सकाळी, वेम्केच्या भुवईपाशी तीन-चार बारीक फोड होते. पाण्याने भरलेले, एकमेकांना चिकटून बसलेले. पहिल्या पुरळाचे चट्टे अजून पोटावर पुसटसे होतेच. मेन्नाच्या अंगात कोट होता, पुढच्या घरची बाळंतीण दहाला वाट बघत होती. तिने बाळाकडे पाहिलं, म्हणजे तिला वाटलं की पाहिलं, आणि रोजच्या वहीत लिहिलं : पुरळ तसंच. काही नाही. रूलिनने तिला फुलं दिली.

दोन दिवसांनी वेम्के दूध ओढेनाशी झाली. मग अंग तापलं, मग झटके आले. शहरातल्या मोठ्या इस्पितळात डॉक्टरांनी कारण शोधलं तोवर ते मेंदूत पोचलं होतं. ओठावर फोड आणणारा साधा जंतू, मोठ्या माणसाला चार दिवस चुरचुरतो आणि जातो. बाराव्या दिवशी सकाळी वेम्के गेली.

मेन्ना ज्या संस्थेत होती तिथे चौकशी बसली. तीन शहाणी माणसं, एक पाण्याचा तांब्या, आणि मधोमध ती वही. त्यांनी आठव्या दिवसाचं पान पुन्हापुन्हा वाचलं आणि ठरवलं की असे फोड पाहून डॉक्टरसुद्धा चुकतात, जंतू कुणाकडून आला ते आता सांगता येणार नाही, कुणाचा दोष नाही. आत्याच्या ओठाबद्दल मेन्नाला कुणी विचारलं नाही. तिने आपण होऊन सांगितलं नाही. घरी येऊन तिने दोन दिवस भांडी घासली, स्वच्छ असलेलीही.

त्यानंतरची मेन्ना बघवत नव्हती. कामावर गेली, पण ‘काही नाही’ हे शब्द तिच्या तोंडून येईनात. दुसऱ्या दिवशीचं साधं पुरळ दिसलं तरी ती सुईणीला फोन लावायची, सुईण वैतागून यायची, बघून जायची. मेन्ना मग डॉक्टरकडे पाठवायची. धडधाकट बाळं थंडीवाऱ्यात दवाखान्यात नेली जायची, आया रडायच्या, त्यांचं दूध आटायचं. तिचं जुनं नाव लोकांनी मागे घेतलं. वर्षाअखेरीस संस्थेने कळवलं की असंच चालणार असेल तर तिने लवकर निवृत्ती घ्यावी. मला विचाराल तर त्यांचं बरोबर होतं. घाबरलेली बाई बाळंतिणीच्या खोलीत असून नसल्यासारखी. पण तिच्या जागी मी असते तर मीही तेच केलं असतं.

तिसऱ्या वर्षी, ऑक्टोबरात, मेन्ना अजून कशीबशी कामावर टिकून होती तेव्हा संस्थेतून फोन आला. रूलिनचे दिवस भरत आले आहेत, आणि तिने मेन्नाच हवी असं सांगितलंय. आपण चुकीचं ऐकलं असं वाटून मेन्नाने पुन्हा विचारलं. होय, तीच. दुसरी कुणी चालणार नाही.

पहिल्या दिवशी ती गेली तेव्हा पलंग ठोकळ्यांवर होता. हार्मने दार उघडलं, ‘मोई’ म्हणून आमच्याकडचा रामराम केला, तिचा कोट घेतला, आणि कामाला निघून गेला. बाळ मुलगा होता, ताम्मो नावाचा. रूलिन मोजकं बोलली. पाहुणे बोलावलेच नव्हते. दारावर तशी चिठ्ठी होती, आणि तीन घरं पलीकडे राहणाऱ्या इम्का आत्याने विणलेली टोपी दाराच्या टपालफटीतून आत टाकली होती. आत्या दर शनिवारी वेम्केच्या कबरीवर फुलं ठेवते, हे गावात सगळ्यांना माहीत होतं. तिच्या ओठाचं तिला कुणी काही सांगितलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी अकराच्या सुमाराला मेन्ना बाळाचे कपडे बदलत होती. छातीवर दोन चट्टे, पोटावर पाच, काखेत एक. तिचे हात थांबले. मागून रूलिन म्हणाली, “आलंय ना?”

“आलंय.”

“मग सांगा, काय आहे हे?”

मेन्नाने तोंड उघडलं, पण वाक्य येईना. एवढी वर्षं जिभेवर बसलेलं ते वाक्य, आणि आता त्याच्याआधी दुसरं काहीतरी सांगायचं राहून गेलं होतं. तिने बाळाला दुलईत गुंडाळलं, पलंगाच्या कडेला बसली, आणि बाळंतिणीकडे न बघता बोलली.

“रूलिन, त्या दिवशी मी टोस्ट वाटत होते ना. इम्का आत्याच्या ओठावर खपली होती. मी पाहिली. मला माहीत होतं ते काय असतं. सगळ्यांसमोर त्यांना कसं बोलायचं म्हणून मी गप्प बसले. चौकशीतही नाही सांगितलं. तुला पाहिजे तर आत्ता फोन कर संस्थेत, मी बसते इथे.”

खाली स्वयंपाकघरात धुलाईयंत्र फिरत होतं. रूलिन म्हणाली, “मलाही दिसली होती.”

मेन्नाने मान वर केली.

“मी पलंगावरून बघत होते. आत्या ओठ टेकणार हे दिसत होतं मला. मी आई होते तिची. नुसतं नको म्हणायचं होतं. हार्मला वाईट वाटेल, आत्या रडायला लागेल, असं वाटलं, आणि तेवढ्यात झालंसुद्धा.” तिचा आवाज कोरडाच होता. “तीन वर्षं कुणाला बोलले नाही. हार्मलाही नाही. तुम्ही समोरच होतात आत्याच्या. मला एवढंच विचारायचं होतं की तुम्हाला दिसलं होतं का. का मी एकटीच होते.”

“नाही गं पोरी. एकटी नव्हतीस.”

ह्याने काही हलकं झालं असेल असं कुणी समजू नये. एक मूल गेलं होतं, दोन बायका बघत असताना, आणि दोघींनी लाजेखातर त्याला जाऊ दिलं होतं. आता ते दोघींना माहीत होतं, एवढाच फरक. मेन्ना रडली. रूलिनला रडू आलं नाही. ती खिडकीकडे बघत राहिली. रस्त्याच्या पलीकडे इम्का आत्या हातात पिशवी घेऊन उभी होती, वरच्या खिडकीत बाळ दिसेल या आशेने.

“आत्याला सांगायचं नाही,” रूलिन म्हणाली. “कधीच नाही. कळलं तर ती जगायची नाही.”

मेन्नाने मान डोलावली. म्हणजे हेही आता दोघींनी मिळून न्यायचं होतं.

“आता बाळाचं सांगा,” रूलिन म्हणाली.

मेन्नाने डोळे पुसले, हात धुतले, चष्मा लावला. दुलई उघडली. पडदा बाजूला करून उजेड घेतला. एकेक चट्टा बोटाने दाबला. लाली जायची आणि परत यायची. मधले ठिपके पिवळट होते, पाण्याचे नव्हते, घोळक्याने बसलेले नव्हते. तळहात, तळपाय स्वच्छ. ताप नाही. केसांच्या मुळांत पाहिलं, कानांमागे पाहिलं, भुवया बोटाने सरकवून पाहिल्या. ताम्मो कुरकुरला आणि तिची करंगळी तोंडात ओढून जोराने चोखायला लागला.

“काही नाही,” मेन्ना म्हणाली. “आपोआप जाईल.”

रूलिनने बाळाकडे पाहिलं, मग तिच्याकडे.

“पुन्हा बघा,” ती म्हणाली.

मेन्नाने करंगळी सोडवून घेतली, आणि डोक्यापासून पुन्हा बघायला सुरुवात केली.