खेजडीच्या गाठी

मोनालीला ‘असं का?’ विचारल्याशिवाय घास गिळवत नाही. वडील गुलाबराव मूळचे अकोल्याचे, रेल्वेत रुळांच्या देखभालीवर होते. निवृत्त झाले आणि जयपुरातच राहिले. मोनाली तिथल्याच वैशाली नगर भागात एका आर्किटेक्टच्या ऑफिसात इमारतींच्या चित्रांत झाडं लावते, म्हणजे कॉम्प्युटरवर. बाकीचे तयार झाड उचलून टाकतात आणि चहाला जातात. ही वीस वर्षांपूर्वीचं एक सॉफ्टवेअर घेऊन बसते, तेही कोपऱ्यातल्या एकाच जुनाट मशीनवर चालणारं. सगळे चिडवतात. चिडवू देत! त्यात झाड रोपापासून वर्षावर्षानं वाढवता येतं, मधेच थांबवून फांदी तोडता येते, पुढे काय होतं ते बघता येतं. असं खेळणं हातचं कोण सोडेल?

भंवरलालजींच्या नव्या घराचं काम आलं. प्लॉटवर जुनी खेजडी, म्हणजे आपली शमी, आणि नकाशात नेमकी तिथेच गाडीची जागा. साहेबांनी दोन चित्रं मागितली, झाडासकट आणि झाडाविना. मालक बघून ठरवणार होते. मोनालीचा जीव त्या झाडात अडकला. तिनं फोटो काढले, मापं घेतली आणि डेरेदार खेजडी वाढवली. खोडावरच्या गाठी बेढब दिसत होत्या, त्या तेवढ्या गाळल्या.

भंवरलालजींनी चित्र पाहून मान हलवली. “ये हमारी खेजड़ी नहीं है, बेटा.” शनिवारी परत येतो म्हणाले. झाड गेलंच, असं तिला वाटलं.

घरी तिनं फोटो वडिलांपुढे ठेवले. “बाबा, मतलब... माझं काय चुकलं?”

गुलाबरावांनी चष्मा चढवला. “हे झाड दरसाल छाटेल हाये, पोरी. लाइनीवर म्या अशे लय छाटले. तोडल्या जागी एक फांदी येत नाई, चार येतात. अन् गाठ धरते.”

हिवाळ्यात इकडे बकऱ्यांच्या चाऱ्यासाठी खेजडी छाटतात, हे जन्म जयपुरात काढून तिला ठाऊक नव्हतं. तिला लाज वाटली, पण त्याहून जास्त उत्सुकता. दुसऱ्या दिवशी तिनं झाड पुन्हा रोपापासून घेतलं. वाढवायचं, हिवाळ्यात थांबवायचं, फोटोत बघून फांद्या तोडायच्या, पुन्हा वाढवायचं. असे चाळीस हिवाळे झाले. गाठी एकेक करून फुगत गेल्या आणि ती खुर्चीच्या टोकाशी बसून बघत राहिली.

शनिवारी भंवरलालजी पडद्याजवळ वाकले. एका गाठीवर बोट टेकवलं.

“यहाँ पाँव रखकर माँ चढ़ती थी.”

झाडाविनाचं दुसरं चित्र त्यांनी उघडूच दिलं नाही. रुमालानं डोळे पुसत साहेबांना म्हणाले, “गाड़ी तो सड़क पर भी खड़ी हो जाएगी.”