वसंता पेंटरचा शेवटचा डाव

मुलांनो, वसंता पेंटरच्या चित्रांतले पुरुष अंगावरचे सगळे कपडे उतरवत, पण चौकटीच्या कोपऱ्यात त्या कपड्यांची नीट घडी घालून ठेवलेली असे. "उघडं व्हायचं म्हनून गबाळं नाय व्हायचं, बाई," तो म्हणे. मला तो आवडायला एवढे कारण पुरेसे होते.

कर्जतमधल्या दुकानांच्या पाट्या तो रंगवी. उरलेल्या वेळात चित्रकथा काढी. चिखलाने माखलेल्या पोटऱ्या, भरघोस मिशा आणि दोन शेतकऱ्यांचे एकमेकांवरचे प्रेम, पुष्कळच तपशिलात. तुम्ही आता राहता त्या परदेशातल्याच एका मासिकात त्या छापून येत. पात्रांच्या तोंडच्या फुग्यांतले इंग्रजी माझे. शाळेत मी तेच शिकवायची. 'ये रं'चे मी 'काइंडली कम हिअर' केले, तेव्हा त्याने विचारले, "बाई, ह्यो काय तलाठी हाय?"

पोटऱ्या आणि मिशा शांतारामच्या. तो भिवपुरीच्या वीजकेंद्रात कामाला होता आणि वसंताकडे राहायचा. गाव त्याला भाडेकरू म्हणे. तेवढ्याने गावाची सोय होत होती.

एकदा व्यायामशाळेने वसंताला कुस्तीच्या डावांची चित्रे सांगितली. न्यायला अध्यक्ष स्वतः आले आणि वसंता आत चहा टाकेपर्यंत, दोरीवर वाळत घातलेली, फुगे अजून रिकामे असलेली चित्रकथाच डाव समजून घेऊन गेले. त्यातल्या त्यात लंगोट शाबूत असलेली पाने त्यांनी निवडली. उद्घाटनाला ती भिंतीवर ओळीने लागली आणि अध्यक्ष त्यांच्याखाली उभे राहून ब्रह्मचर्यावर बोलले. शांताराम दाराशी मिशांवर रुमाल धरून उभा. कोणी ओळखले असते, तर दोघांना गाव सोडावे लागले असते. शेवटच्या चित्रात ते दोन शेतकरी एका घोंगडीत झोपले होते. हा कुठला डाव, असे अध्यक्षांनी विचारले.

"शेवटचा," वसंता म्हणाला. "ह्यात कोनी हरत नाय."

टाळ्या पडल्या. अध्यक्षांनी ते वाक्य भिंतीवर रंगवून घेतले, वसंताकडूनच.

वसंता गेला तेव्हा कडावहून पुतणे आले. अंघोळ घालण्यासाठी त्याचे कपडे काढून त्यांनी कोपऱ्यात भिरकावले. शांतारामने ते उचलले, घडी घातली आणि आपल्या ट्रंकेवर ठेवले.

"तुमी कोन?" थोरल्या पुतण्याने विचारले.

भाडेकरू आहे, असे अध्यक्षांनीच परस्पर सांगून टाकले. शांतारामने माझ्याकडे पाहिले. रिकामा फुगा पुढे सरकवून वसंता पाहायचा, तसेच.

"घरचे आहेत," मी म्हणाले. "पहिला खांदा त्यांचा."