बाबा मला न्यायला आले तेव्हाचा कन्नड सिनेमा

मंडळी, आज दुपारी मोबाइलवर एक जुना कन्नड सिनेमा सापडला. सत्तरच्या दशकात मी नागपुरात नर्सिंग शिकत होते, तेव्हा तो बाबांसोबत पाहिला होता. "पोरगी कोणत्याही जातीच्या बाळंतिणीले हात लावते," असं गाव बोलत होतं, म्हणून बाबा माझं नर्सिंग थांबवून मला आमच्या गावी, कुहीला न्यायला आले होते. गाडीला वेळ होता आणि जवळच फिल्म सोसायटीचा खेळ लागला होता, म्हणून आम्ही आत शिरलो.

सिनेमात गावकरी शिकलेल्या नर्सला अडलेल्या बाईजवळ जाऊ देत नाहीत आणि ती बाई मरते. भाषा कळत नव्हती, तरी बाबा रडत होते. माझी आई अशीच गेली होती.

बाहेर येताच मी म्हटलं, "बाबा, मी येत नाही."

"नको येऊ वं माय. तू शीक. गावाले मी पाहून घेतो."

निवृत्त होईपर्यंत मी बाळंतपणं केली. तुमच्यासाठी गावापुढे कोण उभं राहिलं होतं?